रायको ग्रलिच : आईवडिलांना कैदेत टाकणाऱ्या राजवटीवरही त्याने सूड का उगवला नाही?

निळीशाई

नमस्कार. गेल्या महिन्यात पुण्यात आमच्या चित्रपट मंडळाच्या खेळात 'क्रोएशिया प्रजासत्ताकाचे संविधान' हा २०१६ सालचा चित्रपट पाहिला आणि तेव्हापासून त्याच्या दिग्दर्शकाचा विचार डोक्यातून जात नाही. झाग्रेबमधल्या एका जुन्या इमारतीत व्येको नावाचा इतिहासाचा शिक्षक राहतो. तो कडवा क्रोएशियन राष्ट्रवादी आहे, रात्री स्त्रीवेशात शहरात फिरतो, आणि घरी अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्या वडिलांची सेवा करतो. हे वडील दुसऱ्या महायुद्धात हिटलरच्या बाजूने लढलेल्या उस्ताशांपैकी आहेत. एके रात्री गुंडांनी मारहाण केल्यामुळे व्येको रुग्णालयात पोहोचतो आणि तिथे त्याच इमारतीतली परिचारिका माया त्याची शुश्रूषा करते. तिचा नवरा आन्ते पोलीस आहे, जन्माने सर्ब आहे, अक्षरे डोळ्यांपुढे नाचत असल्यामुळे त्याला धड वाचता येत नाही, आणि नोकरी टिकवायची तर त्याला संविधानाची परीक्षा उत्तीर्ण व्हायचे आहे. शिकवणार कोण, तर सर्बांचा द्वेष करणारा व्येको.

चित्रपटानंतर ग्रलिचबद्दल मिळेल ते वाचले. जन्म १९४७, झाग्रेब. वडील दान्को ग्रलिच तत्त्वज्ञ, आई एवा ज्यू कुटुंबातली पत्रकार. १९४८ मध्ये टिटो आणि स्टालिन यांचे बिनसल्यावर स्टालिनच्या बाजूचे असल्याच्या संशयावरून युगोस्लाव्हियात हजारो लोकांना पकडण्यात आले. वडील गोली ओतोक या कैद्यांच्या बेटावर गेले, आई शेजारच्या स्वेती ग्रगुर बेटावर, आणि मूल जेमतेम चालायला-बोलायला लागलेले. पुढे १९९० च्या दशकात युगोस्लाव्हिया हा त्याचा देशच फुटला, क्रोएशिया वेगळा झाला, आणि तो अमेरिकेत शिकवायला गेला. इतके सोसलेल्या माणसाच्या चित्रपटांत सुडाची भावना मला दिसली नाही. हे मनाचे मोठेपण आहे की अवघड गोष्टीला बगल देणे आहे, हा माझा प्रश्न आहे. मी त्याचा एकच चित्रपट पाहिला आहे, त्यामुळे जाणकारांनी माझे म्हणणे खोडून काढले तरी आनंदच होईल.

दगडीपायरी

सूड नाही हे मान्य, पण हिशेब नाही हे मान्य नाही. १९८१ चा 'सामो येद्नोम से ल्युबी' अवश्य पाहा. 'प्रेम एकदाच करता येते' असा त्या नावाचा अर्थ. युद्ध नुकतेच संपले आहे, एका छोट्या गावात पार्टिझान, म्हणजे नात्सींविरुद्ध लढलेल्या टिटोंच्या गनिमी सैन्यातला लढवय्या, तोमिस्लाव आता नव्या सत्तेचा पोलीस अधिकारी आहे, आणि गावात आलेल्या नृत्यपथकातल्या बेबा नावाच्या मुलीवर त्याचा जीव जडतो. ती जुन्या, सुखवस्तू घरातली आहे. ज्या क्रांतीसाठी तो लढला, तीच क्रांती आता त्याने कोणावर प्रेम करावे यात लक्ष घालू लागते, आणि कालचे जिवलग साथीदार त्याच्याविरुद्ध उभे राहतात.

टिटो मे १९८० मध्ये गेले आणि पुढच्याच वर्षी हा चित्रपट आला. पार्टिझान हा त्या देशात तोवर देव होता. त्या देवाला रडताना, पिताना, चुकताना दाखवणे ही साधी गोष्ट नव्हती. कान महोत्सवाच्या 'अं सेर्तँ रगार' विभागात तो दाखवला गेला. आईवडिलांच्या तुरुंगवासाचे उत्तर त्याने इथे दिले आहे असे मला वाटते. फक्त कैद्याच्या बाजूने न देता, कैद करणाऱ्या हाताच्या आतून दिले आहे.

सुपारीफूल

वा! 'कैद करणाऱ्या हाताच्या आतून' हे फार आवडले. यादीत लिहून ठेवला.

ऋकार

मूळ विषयाला धरूनच एक छोटी सूचना करतो. आपण सगळे 'ग्रलिच' लिहितो आहोत, पण क्रोएशियन भाषेत या नावाच्या पहिल्या अक्षरात स्वरच नाही. तिथे 'र' हाच स्वराचे काम करतो, अगदी आपल्या जुन्या ऋकारासारखे. त्यामुळे 'गृलिच' लिहिणे अधिक योग्य ठरेल, मात्र आपण आज 'गृह'चा उच्चार 'ग्रुह' करतो तसा 'उ' त्यात मिसळू नये. चौकाला ते 'तृग' म्हणतात आणि त्यांच्या एका मोठ्या बेटाचे नाव 'कृक' आहे. शेवटचा च मात्र 'चंद्र'मधला. 'चमचा'मधल्या च साठी त्यांच्याकडे वेगळे अक्षर आहे. जो आवाज लिहिताना इंग्रजी लिपीची त्रेधा उडते, तो आपल्या लिपीत शतकानुशतके तयार बसला आहे, याचा मला फार आनंद होतो.

निळीशाई

@ऋकार, मनापासून आभार. आजपासून गृलिच. शीर्षक आता बदलता येत नाही, तेवढे चालवून घ्यावे.

जुनीरीळ

गृलिचकडे एकटा सुटा माणूस म्हणून पाहिले तर त्याचे निम्मेच चित्र दिसते, म्हणून थोडे मागून सांगतो.

तो दिग्दर्शन शिकला प्रागच्या 'फामू' या चित्रपट विद्यालयात, आणि १९७१ मध्ये तिथून पदवी घेऊन बाहेर पडला. त्या काळात युगोस्लाव्हियातली बरीच मुले तिथे शिकत होती : स्र्जान कारानोविच, गोरान मार्कोविच, गोरान पास्कालेविच, लोर्दान झाफ्रानोविच, आणि काही वर्षांनी एमिर कुस्तुरित्सा. यांनाच पुढे 'प्रागची शाळा' म्हटले गेले. गृलिचला एल्मार क्लोस यांच्यासारखे शिक्षक लाभले. ऑगस्ट १९६८ मध्ये सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले तेव्हा ही पिढी विशी-बाविशीत होती. चित्रपट म्हणजे रोजच्या जगण्यातली विसंगती हसत हसत पकडणे, आणि मग ते हसू घशात अडकवणे, ही चेक चित्रपटांची रीत त्यांनी तिथे अंगी बाणवली.

आता महत्त्वाचे. गृलिच झाग्रेबचा आणि कारानोविच बेलग्रेडचा, पण दोघे एकमेकांसाठी लिहीत राहिले. 'ग्रलोम उ यागोदे' ही १९७० च्या दशकातली दूरदर्शन मालिका दोघांनी मिळून लिहिली. बेलग्रेडमध्ये वाढणाऱ्या एका मुलाची गोष्ट, दहा भाग, एकेका भागात १९६० च्या दशकातले एकेक वर्ष. बेलग्रेडची एक पिढी ज्या मालिकेत स्वतःचे तरुणपण पाहते, तिचा अर्धा लेखक झाग्रेबकर आहे. कारानोविचच्या 'रानफुलांचा गंध' या १९७७ च्या चित्रपटाच्या लेखनातही गृलिच होता, आणि दगडीपायरी यांनी सांगितलेल्या १९८१ च्या चित्रपटाच्या लेखनात कारानोविच होता.

म्हणून मला वाटते की सूड उगवायचा तर समोर कोणीतरी 'परका' असावा लागतो, आणि या माणसाच्या कामाच्या टेबलाशी तो परका कायम चहा पीत बसलेला होता.

खारेवारे

इथे सगळे एका सुरात बोलत आहेत, म्हणून मी थोडा विरोधी सूर लावतो.

'संविधान' मी दोनदा पाहिला. अभिनय उत्तम आहे, त्याबद्दल वाद नाही. पण एक प्रश्न मला सोडत नाही. परीक्षा आन्तेचीच का? डिसेंबर १९९० मध्ये क्रोएशियाचे नवे संविधान आले, आणि तोवर प्रजासत्ताकाच्या घटक राष्ट्रांपैकी एक मानले गेलेले तिथले सर्ब त्यानंतर अल्पसंख्याकांत मोजले जाऊ लागले. त्यानंतर युद्ध झाले, आणि १९९५ मध्ये फार मोठ्या संख्येने सर्ब कुटुंबे घरदार सोडून निघून गेली. मागे राहिलेल्या एका सर्ब माणसाला तेच संविधान पाठ करायला लावायचे, तोही अडखळत वाचणारा दाखवायचा, आणि त्याला शिकवणारा विद्वान क्रोएशियन दाखवायचा, यात प्रेक्षकाची फार सोय पाहिलेली आहे. झाग्रेबचा प्रेक्षक डोळे पुसून घरी जातो. निळीशाई यांनी 'बगल देणे' हा शब्द वापरला तो मला अगदीच गैरलागू वाटत नाही.

दगडीपायरी

@खारेवारे, मुद्दा वजनदार आहे, परंतु वाचणारा अडखळत असला तरी ऐकणारा कोण आहे, हेही पाहावे. कोणाला समान हक्क आहेत, कोणाचा अपमान करता येणार नाही, ही कलमे एका सर्बाच्या तोंडून पुन्हा पुन्हा ऐकण्याची वेळ व्येकोवर येते. तो स्त्रीवेश करतो म्हणून त्याला मारणारे त्याच्याच राष्ट्रातले आहेत. संविधानाची गरज त्या खोलीत दोघांनाही आहे. आणि भूमिका कोणाला दिल्या हेही बघा : कडवा क्रोएशियन उभा केला तो सर्बियाच्या नेबोयशा ग्लोगोवात्स याने. हा थोर नट २०१८ मध्ये, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी गेला.

कृष्णाकाठची_सिस्टर

मी सहसा चित्रपटांच्या धाग्यांवर लिहीत नाही, परंतु हा चित्रपट मी मुलीबरोबर पाहिला आहे आणि मला मायाबद्दल बोलायचे आहे. क्सेनिया मारिन्कोविच या अभिनेत्रीने ती भूमिका केली आहे. इथे शिक्षकाबद्दल आणि पोलिसाबद्दल एवढे लिहिले गेले, पण दोघांमधला व्यवहार तिच्या कामावर उभा आहे, हे कोणी म्हटले नाही. तिचा नवरा सर्ब आहे, आणि ती एका उस्ताशाचे अंग पुसते.

मी अठ्ठावीस वर्षे सरकारी रुग्णालयात नोकरी केली. अंथरुणाला खिळलेल्या माणसाला दर दोन तासांनी कूस बदलून द्यावी लागते, नाहीतर पाठीला, टाचांना, माकडहाडाला जखमा होतात. चादरीला एक सुरकुती राहिली तरी कातडी लाल होते. हे करताना आपला गाल त्या माणसाच्या गालाजवळ येतो, त्याचा श्वास आपल्या तोंडावर येतो. आमच्या वॉर्डात एक वयस्कर गृहस्थ होते. माझे आडनाव कळल्यावर ते माझ्या हातून पाणी घेत नसत, दुसऱ्या सिस्टरची वाट पाहत. कूस मात्र मीच बदलत होते, कारण रात्रपाळीला दुसरे कोणी नसे. साडेतीन महिने ते वॉर्डात होते. त्यांची पाठ शेवटपर्यंत स्वच्छ राहिली आणि पाणी ते शेवटपर्यंत दुसऱ्याकडूनच प्यायले.

खारेवारे म्हणतात तशी सोय मला चित्रपटात दिसली नाही. मायाला कोणी बदलून दाखवायचे नाही, तिला नवऱ्याची नोकरी वाचवायची आहे. म्हणून मला ती खरी वाटली.

सुपारीफूल

सिस्टर, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. लिहीत राहा, ही विनंती.

खारेवारे

@कृष्णाकाठची_सिस्टर, मायाच्या बाजूने मी चित्रपट पाहिलाच नव्हता, हे कबूल करतो. परीक्षेबद्दलचा माझा आक्षेप तरीही कायम आहे.

आडवाट

माणूस समजून घ्यायचा तर त्याने उभी केलेली जागाही पाहावी, म्हणून हे लिहितो. १९९९ मध्ये गृलिचने काही सहकाऱ्यांसह क्रोएशियाच्या इस्त्रिया भागातल्या मोतोवून या गावात चित्रपट महोत्सव सुरू केला. मी महोत्सवाच्या काळात गेलो नव्हतो, मे महिन्यात गेलो होतो. मिर्ना नदीच्या खोऱ्यात एकटी उभी टेकडी, तिच्या माथ्यावर तटबंदीतले गाव, खाली ओकवृक्षांचे रान. त्या रानात ट्रफल नावाची महागडी भूछत्रे मिळतात आणि कुत्र्यांना वास देऊन ती शोधतात. वर जाणारा रस्ता गुळगुळीत झालेल्या दगडांचा आणि असा चढाचा, की आपल्या रायगडावर हत्तींची पिल्ले कशी चढवली असतील हा प्रश्न मला तिथेही पडला. गावाची वस्ती काही शेकड्यांत, आणि उन्हाळ्यातल्या त्या पाच दिवसांत हजारो तरुण पाठीवर तंबू घेऊन यायचे आणि चौकात, उघड्या आकाशाखाली चित्रपट पाहायचे.

१९९९ हे वर्ष लक्षात घ्यावे. त्या डिसेंबरपर्यंत राष्ट्रवादी राष्ट्राध्यक्ष तुज्मान हयात आणि सत्तेवर होते. क्रोएशियातली हवा कोंदट होती, आणि त्या हवेत या माणसाने टेकडीवर जाऊन एक खिडकी उघडली.

सातासमुद्रापार

आडवाट यांचा धागा पकडून मधल्या पोकळीबद्दल लिहितो, कारण मी ओहायोतच राहतो. ज्या गावातल्या विद्यापीठात गृलिचने वर्षानुवर्षे चित्रपटकला शिकवली, ते अथेन्स कोलंबसहून सव्वाशे किलोमीटरवर आहे. टेकड्या, विटांचे रस्ते, आणि सुट्टीत ओस पडणारे गाव.

१९८९ मध्ये त्याच्या 'जावोली राय' या चित्रपटाला तोक्यो महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळाले होते. टॉम कॉन्टी आणि रॉड स्टायगर यांच्यासारखे नट त्यात होते. १९९१ मध्ये स्लाव्होनियातल्या एका दरोडेखोरावरचा 'चारुगा' आला, आणि त्याच वर्षी युद्ध पेटले. त्यानंतरचा कथापट थेट नव्या शतकात. चव्वेचाळीस ते चौपन्न ही दिग्दर्शकाची भर उमेदीची वर्षे असतात, आणि ती अशी गेली. या काळात त्याने चित्रपट कसा करावा हे शिकवणारी एक संवादी सीडी तयार केली, आणि तुज्मान यांच्या निधनानंतरच्या २००० सालच्या निवडणुकांवर इगोर मिर्कोविचबरोबर 'नोव्हो, नोव्हो व्रियेमे' हा माहितीपट केला.

मी स्वतः एकोणीस वर्षे इथे आहे आणि मराठीत लिहितो. माझा देश आणि माझी भाषा जागच्या जागी आहेत, हवे तेव्हा मी विमानात बसतो. ज्या देशाच्या पारपत्रावर तो प्रागला शिकायला गेला, तो देशच नकाशावर उरला नाही. सूड कोणावर उगवायचा, हा प्रश्न त्याला पडला असेल तर त्या पत्त्यावर आता कोणी राहत नाही.

जुनीरीळ

@सातासमुद्रापार यांनी 'जावोली राय'चा उल्लेख केला ते बरे झाले, कारण मूळ प्रश्नाचे उत्तर मला तिथेच सर्वांत जास्त सापडते. बोरिस्लाव पेकिच यांच्या लघुकादंबरीवर तो आधारलेला आहे. नदीकाठच्या पोहण्याच्या ठिकाणी आन्द्रिया हा जीवरक्षक आहे. साधा, भाबडा माणूस. वर्षानुवर्षे काठावर बसूनही एकाही बुडणाऱ्याला वाचवण्याची वेळ त्याच्यावर आलेली नाही. महायुद्ध चालू असताना अखेर एक माणूस बुडू लागतो, आन्द्रिया उडी मारतो, त्याला ओढून काठावर आणतो, आणि तो नात्सी अधिकारी निघतो. एकाच क्षणी आयुष्यातले पहिले कर्तव्य पार पडते आणि गावाच्या लेखी तो गुन्हेगार ठरतो.

पेकिच स्वतः तरुणपणी साम्यवादी राजवटीत तुरुंगात होते. तुरुंगवास भोगलेल्या लेखकाची गोष्ट, तुरुंगवास भोगलेल्यांच्या मुलाने पडद्यावर आणली. पाण्यात माणूस बुडताना त्याचा गणवेश कोणता, हे काठावरून दिसत नाही. सिस्टरांनी सांगितलेली वॉर्डातली गोष्ट मी वाचली तेव्हा मला हाच जीवरक्षक आठवला.

पाऊलखुणा

एक साधा प्रश्न आहे. नवख्याने सुरुवात कुठून करावी? माझ्या घरी सासूबाई, सासरे आणि महाविद्यालयात जाणारा मुलगा, असे सगळे एकत्र पाहतात.

दगडीपायरी

@पाऊलखुणा, सगळ्यांनी मिळून पाहायचा असेल तर सरहद्दीवरच्या सैनिकांवरचा त्याचा 'काराऊला' आधी नको, त्यात सैनिकांची भाषा आहे! 'संविधान'पासून सुरुवात करावी. मुलाला मात्र नंतर 'काराऊला' जरूर दाखवावा.

आडवाट

दुब्राव्का उग्रेशिच यांच्या लघुकादंबरीवरचा १९८४ चा 'उ राल्यामा झिवोता'ही सुचवतो. श्तेफित्सा त्स्वेक ही एकटी कारकून मुलगी आणि तिच्यावर मालिका करणारी दुन्या ही दिग्दर्शिका, अशा दोन बायका त्यात समोरासमोर ठेवल्या आहेत. गंमत आणि माया दोन्ही भरपूर. उग्रेशिच यांनाही १९९० च्या दशकात राष्ट्रवादाविरुद्ध लिहिल्यामुळे छळ सोसावा लागला, त्यांनी १९९३ मध्ये देश सोडला, आणि २०२३ मध्ये ॲम्स्टरडॅममध्ये त्यांचे निधन झाले.

निळीशाई

दोन आठवड्यांनी परत आले आहे. मधल्या काळात 'काराऊला' पाहिला, २००६ चा. 'काराऊला' म्हणजे सरहद्दीवरची चौकी. १९८७, ओह्रिद सरोवराकाठी, अल्बानियाच्या सीमेवर. पाशिच नावाच्या अधिकाऱ्याला गुप्तरोग होतो. बायकोला कळू नये म्हणून उपचार पुरे होईपर्यंत त्याला घरी जायचे नाही, आणि त्यासाठी तो अल्बानियाचा हल्ला होणार असल्याची खोटी आवई उठवून सगळी चौकी कोंडून ठेवतो. चौकीत प्रत्येक प्रजासत्ताकातली पोरे आहेत. आधी मी पोट धरून हसले. मग शेवटाकडे हसू कधी थांबले ते मला कळलेच नाही. जुनीरीळ यांनी 'हसू घशात अडकवणे' लिहिले होते, तेच.

आन्ते तोमिच यांच्या कादंबरीवर तो आधारलेला आहे, आणि पुढे 'संविधान'ही गृलिचने त्यांच्याबरोबरच लिहिला. फुटून वेगळ्या झालेल्या सगळ्या प्रजासत्ताकांनी मिळून केलेली ही पहिली निर्मिती. जो देश त्यांनी बंदुकीने मोडला, तो कसा मोडत गेला हे सांगायला सगळे पुन्हा एका चौकीत जमले.

मी विचारले होते की हे मोठेपण आहे की बगल देणे. आता माझा प्रश्नच मला अपुरा वाटतो. पाशिचला गृलिच क्षमा करत नाही. त्याच्या खोटेपणामुळे कोणाचा जीव कसा जातो हे तो पुरते दाखवतो. पण दवाखान्यात विजार खाली करून उभा असलेला, भेदरलेला पाशिचही तो तितक्याच जवळून दाखवतो. खारेवारे, तुमचा परीक्षेचा आक्षेप मला पटू लागला आहे, आणि तरीही चित्रपट मला पूर्वीइतकाच आवडतो.

खारेवारे

@निळीशाई, मलाही तो आवडतोच, नाहीतर दोनदा कशाला पाहिला असता? मी आता 'जावोली राय'च्या शोधात आहे. कोणाकडे बऱ्या प्रतीची फीत असेल तर कळवावे.

ऋकार

गृलिचने २०१८ मध्ये 'नेइस्प्रिचाने प्रिचे', म्हणजे 'न सांगितलेल्या गोष्टी', हे आठवणींचे पुस्तक लिहिले. आयुष्य जन्मापासून क्रमाने न सांगता, त्याने चित्रपटाच्या परिभाषेतले शब्द कोशासारखे मांडले आहेत आणि प्रत्येक शब्दाखाली एकेक आठवण ठेवली आहे. मी शब्दकोश शेजारी ठेवून रोज एक पान वाचतो आहे.

कृष्णाकाठची_सिस्टर

@ऋकार, त्यात त्याच्या आईबद्दल काही आले तर इथे लिहाल का? बेटावरून परत आल्यावर त्या लहान मुलाने तिला ओळखले का, एवढे मला जाणून घ्यायचे आहे.

ऋकार

शोधतो, सिस्टर. त्या पानापर्यंत पोहोचलो की सर्वांत आधी तुम्हाला लिहितो.